सर्वस्पर्शा वाटी

एका राज्यात वास उरला नव्हता.

फुलं फुलत होती, फुलांवर भुंगे येत होते. पण मोगऱ्याची वेणी माळून कोणी शेजारून गेलं तरी मान वळत नव्हती. भात करपला तर धूर डोळ्यांत गेल्यावर कळे. देवळात धूप जळे आणि पुजारी नुसताच खोकत बसे. वास एका दिवसात गेला नाही. वर्षामागून वर्षं तो विरत गेला, जसा धुऊन धुऊन लुगड्याचा रंग विरतो, आणि या वर्षीच्या तळवेपुनवेनंतर उरलासुरलाही गेला.

तळवेपुनव हा त्या राज्याचा मोठा सण. त्या दिवशी सगळी नगरी राजवाड्याच्या चौकात पाय पसरून बसे. आतल्या महालातून सर्वस्पर्शा नावाची काशाची वाटी बाहेर येई. सेवक एकेकाच्या तळव्याला तूप चोळत आणि त्यावर वाटीची पाठ गरागरा फिरवत. बघता बघता तूप काळंभोर होई. "अंगातली उष्णता निघाली," लोक म्हणत आणि हलक्या पायांनी घरी जात. मूल जन्मलं की पहिल्याच दिवशी वाटी त्या घरी येई आणि त्याच्या इवल्या तळव्यांवरून फिरून परत जाई. असं चोवीस वर्षं चाललं होतं. का चाललं होतं, हे कोणी विचारलं नव्हतं.

राजा होता मेघवर्मा. पण तो कोणाला दिसत नसे. राज्य चालवत सात वृद्ध. सातांचं मिळून वय किती, हे सांगणारं माणूसही आता जिवंत नव्हतं. त्यांचा लाडका शब्द एकच, "थांबा." पूल पडला, थांबा. विहीर आटली, थांबा. लोकांनाही त्याची सवय झाली होती.

त्या नगरीत, रंगारी आळीत, मंजिष्ठा नावाची मुलगी राहत होती. वय वीस. निळीच्या कामानं तिचे हात कोपरापर्यंत निळे झाले होते, ते निळेच राहिले. निळीचा रांजण आंबला की नाही हे ती वासावरून ओळखे आणि जिभेच्या टोकावर थेंब ठेवून किती आंबला ते सांगे. वास गेल्यापासून तिचे तीन रांजण नासले. तेही तिनं सोसलं असतं. पण तिची थोरली बहीण सावरी बाळंत झाली, आणि बाळ दूध ओढेना.

दोन दिवस झाले. सावरी त्याला छातीशी धरी. बाळ तोंड इकडे वळवी, तिकडे वळवी, रडे आणि दमून गप्प होई. कापसाच्या वातीनं दूध ओठांत सोडलं तर ओठांच्या कोपऱ्यातून गळून जाई. सुईण आजी बाजेपाशी बसली होती. ती म्हणाली, "मिटल्या डोळ्यांचं लेकरू आईला वासानं शोधतं गं. याला आई सापडत नाही. पुनवेनंतर जन्मलेली दोन अशीच गेली."

"आणि हे?" मंजिष्ठेनं विचारलं.

सुईण सावरीकडे बघून खालच्या आवाजात म्हणाली, "उद्याचा सूर्य बघेल असं वाटत नाही."

मंजिष्ठा उठली ती सरळ सभेत गेली. सकाळची वेळ होती. सात वृद्ध सात चौरंगांवर बसले होते. मधल्या चौरंगावर ज्येष्ठवृद्ध देवशर्मा होते.

"आजोबा," ती म्हणाली, "माझ्या बहिणीचं बाळ उपाशी मरतंय. आधी दोन मेली. राज्यातला वास कुठे गेला?"

देवशर्मांनी दाढी कुरवाळली. "प्रश्न गंभीर आहे. पुढच्या पौर्णिमेच्या सभेत घेऊ."

"बाळाला सांगू का तसं? पौर्णिमेपर्यंत दम धर म्हणून?"

"मुली, आवाज खाली."

"आवाज आहे तोवर वापरून घेते. पुढच्या वर्षी कदाचित तोही नसेल."

सातही दाढ्या एकदम हलल्या. दुसरे वृद्ध म्हणाले, "आमच्या काळी मुली अशा बोलत नव्हत्या." तिसरे म्हणाले, "आमच्या काळी वास होता." चौथ्यांनी तिसऱ्यांना कोपर मारलं.

तेवढ्यात सभागृहाच्या कौलांवरून एक टिटवी ओरडली. "विचार यांना! वाटी किती वेळा फिरवायची होती, विचार!"

"अभद्र पक्षी!" देवशर्मा कडाडले. "हाकला!"

सेवकांनी दगड मारले. टिटवी उडाली. चोवीस वर्षं ती दर पुनवेला येऊन ओरडत होती आणि चोवीस वर्षं लोक तिला अपशकुनी म्हणून हाकलत होते. मंजिष्ठेनं मात्र वृद्धांकडे पाठ केली आणि ती टिटवीच्या मागे धावली.

नगरीबाहेर काळ्या खडकाचा माळ होता. तिथे टिटवी एका पायावर उभी होती.

"तुला बोलता येतं?" मंजिष्ठेनं विचारलं.

"तुम्हाला ऐकता येत नव्हतं," टिटवी म्हणाली. "चल पटापट. मला अंडी उबवायची आहेत, तुला बाळ वाचवायचं आहे. दोघींनाही वेळ नाही."

माळाच्या टोकाला एक भट्टी होती. भाता नव्हता, लाकडं नव्हती, तरी भट्टी पेटलेली होती; आणि लाल निखाऱ्यांच्या मधोमध एक बाई मांडी घालून बसली होती. तिचं लुगडं जळत नव्हतं, केस जळत नव्हते. ती ओतारीण धगाई. जगातला कुठलाही धातू तिच्या शब्दासरशी वितळे.

"बस," धगाई म्हणाली. "पण जरा लांब बस. वाटीचं विचारायला आलीस ना? चोवीस वर्षांत पहिली आलीस."

आणि तिनं सांगितलं.

"मेघवर्मा जन्मला तेव्हा त्याचा बाप लढाईत गेला होता आणि आई बाळंतपणात गेली. सात दिवस झाले तरी बाळानं डोळे उघडले नाहीत. टाळी वाजवली तर दचकला नाही. चिमटा काढला तर रडला नाही. सात वृद्ध माझ्याकडे आले. म्हणाले, आंधळाबहिरा राजा राज्याला कसा चालेल? मी वाटी ओतली. तिची पाठ ओढते, तिची कड देते. मी सांगितलं, प्रत्येकाच्या तळव्यावरून पाठ एकदा फिरवा. दिसण्याचा, ऐकण्याचा, वासाचा एकेक कण येईल, कोणाला कमी पडणार नाही. मग कड बाळाच्या तळव्याला लावा. पण एकदाच. दुसऱ्यांदा फिरवलीत तर तिला चटक लागेल."

"आणि त्यांनी सण केला," मंजिष्ठा म्हणाली.

"सण केला. एका कणानं राजा जागा झाला, तर पोतंभर घालू, थोर होईल, असं त्यांना वाटलं. पुढच्या वर्षी पुन्हा फिरवली. मग मोडायचा धीर कोणाला? गेल्या वर्षी केलं म्हणून या वर्षी, एवढंच. वास सगळ्यांत हलका, तो आधी संपला." धगाईनं एक निखारा उचलून तळहातावर खेळवला. "माझ्या वाटीनं लोकांचं नुकसान झालं तर मी आगीत बसेन, असा शब्द मी दिला होता. तो लागला. वाटी या भट्टीत परत येईपर्यंत मला उठता येत नाही."

"वास परत कसा आणायचा? संध्याकाळच्या आत जमेल असं सांगा."

धगाई हसली. निखारे हसल्यासारखे फुलले. "तीन कामं आहेत, पोरी. पहिलं, राजापर्यंत पोच. दुसरं, वाटीची कड स्वतःच्या तळव्याला लावून घे आणि तरी पाय मागे घे. तिसरं, राजाला खाली बसव. ज्याला मिळालं त्यानंच द्यायला हवं. ज्याचं आहे त्याच्या पायाशी बसून, स्वतःच्या हातानं, कड लावून."

"तिसरं सोपं वाटतंय."

"हो ना? सगळ्यांना तेच वाटतं."

"आणि दिल्यावर राजाकडे काय उरेल?"

धगाईनं हातातला निखारा भट्टीत परत ठेवला. मग म्हणाली, "मला ठाऊक नाही. तुला खोटं सांगणार नाही, तूही त्याला सांगू नकोस."

मंजिष्ठा परत फिरली. टिटवी वरून उडत होती.

राजवाड्याच्या आत राजाचा महाल होता आणि त्या महालाला न रंगवलेल्या लोकरीचं अस्तर होतं, हातभर जाड. दारांच्या बिजागऱ्यांना लोणी लावलेलं. सेवक बिनरंगाचे कपडे घालून कापसावरून चालत. कारण राजाला सगळ्या नगरीचं दिसे, सगळ्या नगरीचं ऐकू येई, आणि ते एका वाटीत कालवलं गेलेलं होतं म्हणून एकमेकांत मिसळून येई. त्याला रंग ऐकू येत, म्हणून महालात रंगवलेलं कापड घेत नाहीत, हे सगळ्या रंगारी आळीला ठाऊक होतं. आवाजाची चव लागे. वास दिसत, धुक्यासारखे नाही, डोंगरासारखे ठाम.

महाद्वारावर पहारेकऱ्यानं भाला आडवा केला. "आत जायला मनाई आहे."

"मी आत जातच नाहीये," मंजिष्ठा म्हणाली. ती उन्हात जाऊन उभी राहिली, बाह्या वर सारल्या आणि दोन्ही हात आकाशाकडे उंच केले.

"हात खाली घे."

"हात वर करायला मनाई आहे का?"

पहारेकरी गोंधळला. "तसं नाही, पण... विचारून येतो."

"विचारा. सातही जणांना विचारा. मी थांबते."

ऊन तिच्या निळ्या हातांवर पडलं. आणि सहा दारांच्या आत, लोकरीच्या गाभ्यात, राजा मेघवर्मा ताडकन उठून बसला. त्याला शंखासारखा खोल, लांब, न तुटणारा नाद ऐकू आला.

"ही निळाई कोणाची?" राजा म्हणाला. "तिला आत आणा. आत्ता."

पहिलं काम झालं.

राजा तिच्याच वयाचा होता, तिच्याहून जरा मोठा. अंगावर पांढरं वस्त्र, चेहरा फिकट, डोळे एवढे मोठे की त्यांत नुसतं बघणं मावत नव्हतं. शेजारी चौरंगावर वाटी होती. एवढीशी, ओंजळीत मावेल अशी. पण तिच्याकडे पाहिलं की खोल विहिरीत डोकावल्यासारखं वाटे.

"तुझ्या आवाजाला जांभळाच्या बीची चव आहे," राजा म्हणाला. "तुरट. या महालात सगळे मला मधासारखे आवाज ऐकवतात. बोल."

ती बोलली. वास, बाळ, वाटी, धगाई, सगळं. राजानं मध्ये एकदाही अडवलं नाही. शेवटी म्हणाला, "म्हणजे मी ते परत द्यावं."

"हो, महाराज."

"तू काय मागते आहेस ते तुला माहीत आहे का?"

"नाही."

"मग पाय पुढे कर."

त्यानं खूण केली. एका मुक्या दासीनं मंजिष्ठेच्या तळव्याला तूप लावलं आणि त्यावरून वाटीची कड हलकेच फिरवली.

आधी लोकर बोलू लागली. भिंतीवरच्या लोकरीचा एकेक केस ज्या मेंढीच्या अंगावर वाढला होता तिची ऊब घेऊन गुणगुणू लागला, आणि त्या गुणगुणण्याला ओल्या गवताचा रंग होता. झरोक्यातून उन्हाची एक तिरीप आली होती. ती मंजिष्ठेच्या जिभेवर पडली, उसाच्या रसासारखी, आलं किसून घातलेल्या. दोन कोसांवरची नदी तिच्या खांद्यावर गार लागली. रंगारी आळीत वाळत घातलेली लाल लुगडी तिला ऐकू आली, प्रत्येकाचा सूर वेगळा, आणि तिच्या आईच्या हातचं जुनं लुगडं सगळ्यांत खाली, घोगरं, मायेचं. आणि वास! वास परत आला, पण नाकात नाही आला. सगळ्या नगरीचे वास उभे राहिले, मनोऱ्यांसारखे. मोगऱ्याचा मनोरा चांदीचा, तेलाच्या घाण्याचा पितळी, आणि ओल्या मातीचा तर एवढा उंच की त्याचं टोक दिसेना. तिनं वर पाहिलं. छत होतं, छतावर भरदिवसाचं आकाश होतं, आणि त्या उजेडाच्या मागे तारे होते. दिवसाही ते जात नाहीत. ते तिला ऐकू आले. एकेक तारा काशावर टिचकी मारावी तसा वाजत होता आणि मधल्या काळोखाला दुधाच्या सायीची चव होती.

तिला वाटलं, आता इथून हलू नये. कधीच हलू नये. जग एवढं आहे आणि आपल्याला कोणी सांगितलं नाही! तिच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि त्या पाण्यालाही सूर होता.

मग त्या सगळ्यात एक धागा तिला दिसला. पिवळा, केसाइतका बारीक. तो रंगारी आळीतून येत होता. तो होता बाळाच्या रडण्याचा आवाज. ती बघत होती आणि धागा फिकट होत होता. पिवळ्याचा पांढरा, पांढऱ्याचा पाण्यासारखा.

मंजिष्ठेनं दात आवळले आणि पाय ओढून घेतला.

सगळं एकदम विझलं. महाल नुसता महाल झाला. ती धापा टाकत भिंतीला टेकली. छातीत असं दुखत होतं, जसं कोणी जवळचं गेल्यावर दुखतं.

दुसरं काम झालं.

"मागे घेतलास," राजा आश्चर्यानं म्हणाला. "मला कधी जमलं नाही."

"मला चार श्वासांपुरतंच मिळालं होतं, महाराज. तुम्हाला चोवीस वर्षं. तुमचं कठीण आहे."

"मी जन्मलो तेव्हा काही नव्हतं. उजेड नव्हता, आवाज नव्हता. मला ते आठवत नाही, पण त्याची भीती आठवते. हे दिलं की मी तिथे परत जाईन?"

"मला माहीत नाही. धगाईलाही माहीत नाही."

"मग मी का द्यावं?"

"कारण ते तुमचं नाही."

महालात इतकी वर्षं असं वाक्य कोणी बोललं नव्हतं. राजानं डोळे मिटून घेतले, बहुधा त्या वाक्याची चव घेत असावा.

"तो पिवळा धागा," तो हळूच म्हणाला, "मीही दोन दिवस ऐकतो आहे. मी विचारलं होतं. देवशर्मा म्हणाले, पक्षी आहे."

"तुम्हाला पक्षी वाटला?"

"नाही," राजा म्हणाला. "पण तसं मानणं सोपं होतं."

त्यानं वाटी उचलली आणि तो दाराकडे निघाला.

बातमी राजाच्या आधी महाद्वारात पोचली होती. सातही वृद्ध उंबऱ्यात एका रांगेत बसले होते.

"महाराज, थांबा," देवशर्मा म्हणाले. "राजानं प्रजेच्या पायाशी बसायचं नसतं. असं कधी घडलं नाही."

"घडलं नाही म्हणून तर ही वेळ आली," मंजिष्ठा म्हणाली.

"तू गप्प बस. महाराज, निदान मुहूर्त पाहू. शुद्धी करून घेऊ. रंगाऱ्याच्या घरी जायचं म्हणजे..."

"आजोबा, ते बाळ तुमच्या शुद्धीपर्यंत जगणार नाही."

"बाळं येतात, जातात. राजपद राहायला हवं."

राजा ऐकत होता. मग म्हणाला, "देवशर्मा, तुमच्या बोलण्याची चव मी आजवर गोड समजत होतो. ती गोड नाही. शिळ्या साखरभाताची आहे."

 राजानं अंगरखा आवरला आणि एखादं डबकं ओलांडावं तसे त्यानं ते सातही वृद्ध ओलांडले. मंजिष्ठेनंही ओलांडले. टिटवी वरून एवढी हसली की तिचा तोल गेला.

रस्त्यावरचं ऊन, माणसं, भांडी, गाड्या, सगळं राजावर कोसळलं. चोवीस वर्षं तो उघड्यावर आला नव्हता. एकेक पाऊल टाकताना तो भिंतीचा आधार घेई.

"डोळे बांधू का?" मंजिष्ठेनं विचारलं.

"नको. शेवटचं बघतो आहे. बघू दे."

सावरीच्या घरी सुईण आजीनं राजाच्या हातातल्या वाटीवरून त्याला ओळखलं आणि तिच्या हातातली वात खाली पडली. सावरी बाजेवरून उठू लागली. "महाराज, वर बसा. आमच्या घरात..."

"बाई, तुम्ही उठू नका," राजा म्हणाला, आणि तो सारवलेल्या जमिनीवर मांडी घालून बसला.

बसताना त्याला वेळ लागला. बसायची सवय नव्हती, खाली बसायची तर मुळीच नव्हती. एकदा त्यानं वाटी छातीशी घट्ट धरली, जणू कोणी ती हिसकावून घेणार होतं.  मंजिष्ठा पहिल्यांदाच थांबली. मग राजानं वाटी खाली घेतली, बाळाच्या तळव्याला तूप लावलं, आणि वाटीची कड त्यावर टेकवली. तळवा वाटीच्या निम्म्यानंही नव्हता.

वाटी फिरली. तळव्यावरचं तूप आधी काळं झालं, मग तपकिरी, मग पिवळं, मग मघाशी तुपेल्यातून काढलं तसं स्वच्छ.

बाळाच्या नाकपुड्या हलल्या. त्यानं कपाळाला आठ्या घातल्या, एखाद्या म्हाताऱ्या न्यायाधीशासारख्या. मान वळवली. तोंड उघडलं, चाचपडलं, आणि आईला धरलं.  मग घोट ऐकू आला. एक. आणखी एक. सावरीनं ओठ दाताखाली दाबला आणि तिचे खांदे हलू लागले.

"तो पिवळा धागा आता ऐकू येत नाही," राजा म्हणाला.

"बाळ रडायचं थांबलं, महाराज."

"नाही. मला पिवळा रंग ऐकू यायचा थांबला." त्यानं बोटांवरचं तूप पुसलं. मग म्हणाला, "पुढचं कोण?"

तिसरं काम झालं होतं. पण ते एकदा होऊन भागणार नव्हतं.

सात दिवस राजा चौकात जमिनीवर बसला. नऊ आळ्यांची माणसं आली. राजानं कुंभाराचे भेगाळलेले तळवे हातात घेतले, कोष्ट्याचे, तेलिणीचे, गुराख्याचे, पुजाऱ्याचे. पहिल्या दिवशी लोकांना वास परत मिळाला, आणि कळलं की गेली कैक वर्षं नगरीतली गटारं कोणी साफ केलेली नाहीत. दोन आळ्या नाकाला पदर लावून पळाल्या आणि झाडू घेऊन परत आल्या. तेलीण मोहरीच्या घाण्यापाशी बसून रडली. एका म्हाताऱ्यानं आपल्या बायकोच्या केसांना नाक लावलं आणि आपण चारचौघांत आहोत हे त्याला नंतर कळलं.

राजाकडून एकेक गोष्ट जात होती. दुसऱ्या दिवशी तारे गप्प झाले. तिसऱ्या दिवशी नदी खांद्यावरून उतरली. पाचव्या दिवशी त्याचे डोळे गेले. तो चाचपडत पाय शोधू लागला. सहाव्या दिवशी कान गेले. शेवटी सात वृद्ध आले, मान खाली घालून, पाय पुढे करून. देवशर्मांना वास परत मिळाला तो आधी त्यांच्या स्वतःच्या उपरण्याचा. ते उपरणं घेऊन तडक नदीवर गेले.

सर्वांत शेवटी मंजिष्ठा बसली. राजाला ती दिसत नव्हती. त्यानं पाय हातात घेतला, आणि तिनं तो मागे ओढला.

"माझं राहू दे," ती ओरडली. "महाराज, एवढं एक ठेवा. नाहीतर तुमच्याकडे काहीच उरणार नाही."

त्याला ऐकू गेलं नाही. पण पाय का ओढला हे कळायला कान लागत नाहीत. त्यानं मान हलवली, पाय पुन्हा पुढे घेतला, आणि वाटी फिरवली. वाटी एकदा थरथरली आणि साध्या काशासारखी मंद झाली.

राजा बसून राहिला. डोळे उघडे, पण त्यांत काही नव्हतं. हात मांडीवर.  मंजिष्ठेनं त्याचा हात धरला; तो हात लाकडासारखा होता. तिनं आयुष्यात पहिल्यांदा मनातल्या मनात देवाला हाक मारली.

किती वेळ गेला कोण जाणे. मग राजाच्या नाकपुड्या हलल्या. त्यानं तुपानं माखलेला हात हळूहळू तोंडाजवळ नेला.

"तूप," तो म्हणाला. "गाईचं आहे." त्यानं बोट पुन्हा नाकाशी धरलं. "जरा करपलं आहे."

मागून पाचवे वृद्ध पुटपुटले, "जरासंच. मी कढवत होतो, डुलकी लागली."

राजानं आवाजाच्या दिशेनं मान वळवली. त्याला तो ऐकू आला होता! त्यानं डोळे चोळले. मिटले, उघडले. समोर एक धुरकट मुलगी होती आणि ती एकाच वेळी हसत आणि रडत होती.

"हे कोणाचं?" राजानं गोंधळून विचारलं. "मी सगळ्यांचं दिलं."

कौलांवरून टिटवी म्हणाली, "तुझंच आहे, बाबा. काही बाळं उशिरा जागी होतात. माझ्या चार अंड्यांतलंही एक नेहमी मागून फुटतं. सात दिवसांचं होतास तू. या सातांना जन्मभर प्रत्येक गोष्टीत थांबायचं असतं. तेवढ्या एकाच गोष्टीत थांबले नाहीत. तुझं खाली होतं, वर सगळ्या गावाचं रचलं. कसं उगवणार?"

वृद्धांपैकी कोणी तिला हाकललं नाही.

त्याच दिवशी मंजिष्ठेनं वाटी माळावर नेली आणि भट्टीत टाकली. धगाई निखाऱ्यांतून उठली, लुगडं झटकलं, गुडघे धरून कण्हली आणि म्हणाली, "चोवीस वर्षं एका मांडीवर! पाणी दे आधी." सर्वस्पर्शा वितळली. पुढे तळवेपुनव झाली नाही. वृद्धांचे चौरंग उचलले नाहीत, पण त्यांच्या समोर आणखी सात मांडले, आणि त्यांवर तिशीच्या आतली माणसं बसवली. सभेत आता भांडणं फार होत. पूल मात्र बांधला गेला.

बाराव्या दिवशी सावरीच्या बाळाचं बारसं झालं. राजा आला, पायी, भरउन्हातून. लोकांच्या गर्दीत त्याला कोणी वाट करून दिली नाही, कारण लहान मुलं आधीच पुढे घुसली होती. सावरीनं बाळ त्याच्या मांडीवर दिलं. राजानं वाकून त्याच्या टाळूला नाक लावलं.

"हा कशाचा वास?" त्यानं विचारलं.

"कशासारखा वाटतो, महाराज?"

राजानं विचार केला. पूर्वी या वासाचा एखादा मनोरा झाला असता, त्याला रंग असता, नाद असता. आता काहीच नव्हतं. त्यानं पुन्हा हुंगलं, मग आणखी एकदा, आणि त्याला सांगता येईना.

"माहीत नाही," तो म्हणाला. "पण पोट भरलेलं आहे याचं."

बाळानं जांभई दिली आणि ते राजाच्या मांडीवर झोपलं.

ते झोपलं आहे. आपणही आता आवाज न करता उठू या.